जाळीच्या आतली बाजू

साऱ्या मटण बाजारात त्याला जावई म्हणत. वय एकसष्ट, गुडघे कुरकुरणारे, डोक्यावर केस नावापुरते, तरी जावईच. पस्तीस वर्षांपूर्वी तो या बाजारात तराजू दुरुस्त करायला आला होता. सात नंबरच्या गाळ्यातला काटा एका बाजूला झुकत होता. आत ठोकळ्यापाशी गाळेवाल्याची मुलगी सुरी चालवत उभी होती. तिने एकदाही मान वर केली नाही. अर्ध्या तासाचं काम त्याने दोन दिवस पुरवलं. वर्षभरात लग्न झालं आणि तो सासऱ्याच्या गाळ्यातच राहिला. बाजारातले म्हणाले, "काटा दुरुस्त करायला बोलावला आणि माणूसच ठेवून घेतला." आधी घरजावई म्हणून चिडवून झालं. मग 'घर' गळालं आणि नुसता जावई उरला. सासरा गेला, सासू गेली, त्याला स्वतःला जावई आला, पण नाव काही सुटलं नाही.

बाजार नगरपालिकेचा. मांस विकायचं तर इथेच, बाहेर कुठेही बंदी. इमारत पालिकेची, नळ पालिकेचा, फरशी, गटार आणि माश्या अडवायची जाळीसुद्धा पालिकेची. कत्तलखान्यातून आलेला प्रत्येक बोकड डॉक्टरीणबाई सकाळी तपासत. या गुरांच्या डॉक्टर, पालिकेच्या नोकरीतल्या. आतडी, काळीज, फुप्फुस बघून झालं की मागच्या एका मांडीवर, रोज त्याच मांडीवर, जांभळ्या शाईचा गोल शिक्का उमटवत. मग तो बोकड गाळ्यात टांगला जाई. भिंतीवर नियमांची पाटी होती. त्यातले दोन नियम शेंबड्या पोरालाही पाठ होते. एक, शिक्क्याचा तुकडा सगळ्यात शेवटी विकायचा, म्हणजे शेवटच्या गिऱ्हाइकालाही कळावं की माल तपासलेला आहे. दुसरा, पैशाला हात लावणाऱ्याने मांसाला हात लावायचा नाही.

या दुसऱ्या नियमामुळे प्रत्येक गाळ्यात दोन माणसं लागत. सात नंबरात ती जाळीच्या आत आणि तो बाहेर, तिच्या अगदी समोर. ती कापायची, तो काटा बघायचा, पैसे घ्यायचा आणि बोलायचा. बोलायचा म्हणजे किती! "या काकू, गुडघा काय म्हणतो? आजोबा, कवळी अजून बसवली नाही वाटतं? अरे वा, सूनबाईला सोबत आणलंत, दिवस गेलेत की काय? बसा बसा, उभ्या राहू नका." गिऱ्हाईक कमी आणि गप्पा जास्त. आतून दर पाच-दहा मिनिटांनी एकच वाक्य यायचं, "अहो, बोलणं पुरे. वजन बघा." रांगेतली माणसं हसायची. तोही हसायचा आणि पुन्हा सुरू व्हायचा. आपल्या बडबडीने बायकोचं डोकं उठतं हे त्याने लग्नानंतर पहिल्याच वर्षी मान्य करून टाकलं होतं.

ती सहा दिवस दवाखान्यात होती. सातव्या दिवशी तो रिक्षातून एकटाच घरी आला. हातात एक पिशवी, पिशवीत तिच्या चपला. त्या कुठे ठेवायच्या ते त्याला कळेना. शेवटी जिथे असायच्या तिथेच ठेवल्या.

घरात तो बोलायला लागला तर आता त्याला थांबवणारं कुणी नव्हतं. आणि थांबवणारं कुणी नाही म्हटल्यावर बोलणंच थांबलं. पलंगावर तो अजून आपल्याच बाजूला, भिंतीला चिकटून झोपायचा.

तीन आठवड्यांनी पालिकेचं पत्र आलं. गाळ्याचा परवाना तिच्या नावावर होता. परवानाधारक मयत झाल्यास नवरा किंवा बायको यांनी नव्वद दिवसांत मांस कापण्याची आणि स्वच्छतेची परीक्षा द्यावी. पास झाल्यास परवाना त्यांच्या नावे होईल, न झाल्यास गाळा पालिकेकडे जमा होऊन दुसऱ्यास दिला जाईल.

मुलीने फोनवर स्पष्टच सांगितलं, "बाबा, द्या सोडून तो गाळा. इकडे या राहायला. हे पण तेच म्हणतात."

"एकदा घरजावई झालो," तो म्हणाला, "आता जावयाच्या घरी घरसासरा होऊ?"

ती हसली नाही. आईवर गेली होती, मोजकं बोलायची. "तुम्ही आयुष्यात कधी सुरी धरलीत का?"

"धरली नसेल, पण बघितली आहे ना! चौतीस वर्षं रोज समोर उभा राहून बघितली. तिची एकेक चाल मला पाठ आहे. झोपेत उठवून विचार."

हे खरंही होतं. आणि तो गाळा सोडणं म्हणजे काय हे त्याला मुलीला सांगता येईना. घरात ती जेवायची आणि झोपायची. जगायची ती त्या ठोकळ्यापाशी. तिथे दुसरं कुणी येऊन उभं राहिलं तर ती कुठे जाईल, असलं काहीतरी वेड्यासारखं त्याच्या मनात यायचं. फोनवर हे बोलता येत नाही. तो म्हणाला, "बघू."

परीक्षेच्या दिवशी त्याने दाढी केली, नखं कापली, पांढरा अंगरखा चढवला. शेजारच्या आठ नंबरातली कोंबडीवाली मावशी सगळं काम टाकून बघायला आली होती. तिच्या मागे निम्मा बाजार. डॉक्टरीणबाई वही घेऊन जाळीबाहेर उभ्या राहिल्या. आकड्याला बोकड टांगलेला, मांडीवर ताजा शिक्का.

जावई जाळीच्या आत शिरला. तिथे उभं राहायची त्याची ही पहिलीच वेळ.  मग त्याने डोळे मिटले, तिला समोर आणली, डोळे उघडले आणि सुरी उचलली. मनगट तिच्यासारखंच वळवलं. सांध्याच्या फटीत सुरीचं टोक तिच्यासारखंच घातलं. चाल बरोबर होती. पहिली मांडी सुटून ठोकळ्यावर आली.

बाहेर डॉक्टरीणबाईंनी वहीतून मान वर केली.

"थांबा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "शिक्का कुठे आहे?"

त्याने खाली बघितलं. शिक्का ठोकळ्यावर होता. दिवसाच्या शेवटी विकायचा तुकडा त्याने सगळ्यात आधी कापला होता.

"आणि तुम्ही डावखुरे आहात का?"

"नाही."

"मग सुरी डाव्या हातात का?"

त्याने हाताकडे बघितलं. खरंच, सुरी डाव्या हातात होती. जन्मात त्याने डाव्या हाताने बटणसुद्धा लावलं नव्हतं.

मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. "जावई, उद्या पायाने काप!" डॉक्टरीणबाईंनी त्या हसणाऱ्याकडे असं बघितलं की तो पुन्हा हसला नाही. पण त्यांनी वहीत लिहिलं, नापास. "दिवस अजून आहेत. एकदा पुन्हा परीक्षा देता येईल. एकदाच."

बाजार पांगला. मावशी मात्र तिथेच उभी होती. ती जाळीकडे बघत होती, मग त्याच्याकडे, मग पुन्हा जाळीकडे.

"अहो जावई, तुम्ही तिला कुठून बघायचात?"

"तिथून नाही का, बाहेरून. समोरून."

"तेच तर! तिचा उजवा हात तुम्हाला कुठल्या बाजूला दिसायचा?"

त्याने आपले दोन्ही हात समोर धरून बघितले. मग हळूहळू ठोकळ्याला टेकला.

"आरशात बघून शिकलात तुम्ही," मावशी म्हणाली. तिला हसूही येत होतं आणि तिचे डोळेही भरले होते. "ती उजवीकडून सुरू करायची, ते तुम्हाला डावीकडून दिसायचं. सगळं शिकलात हो, अगदी बोट न् बोट. फक्त उलटं."

आता सुलटं शिकायला हवं होतं, पण शिकायचं कुठे हा दुसरा पेच निघाला. परवान्याशिवाय बाजारात सुरीला हात लावता येत नव्हता. बाजाराबाहेर तर मांस कापणं हाच गुन्हा. तो दोन दिवस विचार करत बसला आणि तिसऱ्या दिवशी डॉक्टरीणबाईंच्या खोलीत गेला. खोली कसली, बाजाराच्या टोकाला एक टेबल, एक हात धुवायचं भांडं आणि शिक्क्याची पेटी.

"बाई, एक विचारू? बाहेर कापायला बंदी. बरोबर?"

"बरोबर."

"आत परवान्याशिवाय कापायला बंदी."

"तेही बरोबर."

"आणि परवाना पाहिजे तर कापता आलं पाहिजे."

"हो."

"मग मी शिकू कुठे? झाडावर?"

डॉक्टरीणबाईंना हसू आलं नाही. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मग कपाटातून पालिकेच्या नियमांचं पुस्तक काढलं आणि बराच वेळ चाळलं.

"असं आजपर्यंत कुणी विचारलं नव्हतं," त्या म्हणाल्या. "सगळे बापाच्या हाताखाली शिकून येतात. तुमची बायकोसुद्धा तशीच शिकली असेल."

"हो. सासऱ्याने शिकवलं. मला म्हणाले, तू आपला काटा सांभाळ."

"पुस्तकात काहीच नाही याबद्दल." त्यांनी पुस्तक मिटलं. मग जरा वेळाने, जणू स्वतःलाच सांगितल्यासारखं म्हणाल्या, "माझ्या आधीच्या डॉक्टरांनी मला पहिल्या दिवशी सांगितलं होतं. लोकांनी घराच्या ओट्यावर, रस्त्याच्या कडेला मांस विकलं की लोक आजारी पडतात, म्हणून पालिका ते बंद करते. पण नुसतं बंद करून भागत नाही. चांगली जागा बांधून द्यावी लागते, तेव्हाच बंद करायचा अधिकार येतो. ते बाजाराबद्दल बोलत होते. पण तुमचंही तसंच आहे. सगळी दारं आम्हीच लावून घेतली. एक उघडायचं कामही आमचंच."

दुसऱ्या दिवशी त्यांनी वरिष्ठांना कागद लिहिला. मंजुरी यायला अकरा दिवस लागले. ती आली आणि तपासणीच्या खोलीतला मागचा ओटा जावयाला मिळाला, रोज सकाळी एक तास, डॉक्टरीणबाईंच्या नजरेखाली. तिथे नापास झालेला माल असायचा. गाडीत चेंगरून मुका मार लागलेला एखादा बोकड विक्रीला चालत नाही. कुणी विकू नये म्हणून त्यावर निळा रंग ओतायचा आणि मग तो जाळायला पाठवायचा. तो जाण्याआधी तासभर जावयाच्या हवाली.

निळ्या मांसावर तो शिकायला लागला. सुरी उजव्या हातात आली, ते आठवड्यात जमलं. पण बाजू बदलेना. हात आपोआप डावीकडे जायचा. डॉक्टरीणबाईंनी शेवटी कापायच्या मांडीवर, शिक्क्याच्या जागी, खडूने फुली मारून दिली, तरी तो फुलीकडेच जायचा. एकदा त्याने बोटाला कापून घेतलं. बाई पट्टी बांधत म्हणाल्या, "बघितलेलं विसरा. मी सांगते तसं करा."

"विसरू?" तो म्हणाला. एवढंच. बाईंनी पट्टीची गाठ मारली आणि पुन्हा तो शब्द काढला नाही.

परीक्षेला आठ दिवस उरले तेव्हा मावशी तपासणीच्या खोलीत येऊन ठाकली. डॉक्टरीणबाईंची परवानगी तिने परस्परच काढली होती. ती ओट्याच्या पलीकडे, त्याच्या समोर, कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"हं. आता मी जावई. तुम्ही ती."

"मावशी, चेष्टा नको."

"चेष्टा कसली! बघून बघून तुम्ही बाहेरचेच राहिलात. बाहेर मी उभी आहे, आता तुम्ही आत व्हा." आणि तिने त्याचाच आवाज काढून सुरू केलं, "या काकू, या! गुडघा काय म्हणतो? आजोबा आलेत का? अहो, यांना दात नाहीत, काय खाणार बिचारे! आणि ही कोण, मास्तरांची मुलगी? आजारातून उठलीस वाटतं, किती वाळलीस गं! घरी आठजण जेवायला आहेत म्हणता? अरे बापरे!"

नक्कल इतकी हुबेहूब होती की त्याला राग आला, हसू आलं आणि त्याच वेळी हाताने कामाला सुरुवात केली. दात नसलेले आजोबा. त्याने नकळत खांद्याकडचा मऊ भाग शोधला, बारीक तुकडे केले. आजारातून उठलेली मुलगी. नळीची हाडं बाजूला काढली, रश्शासाठी. आठजण जेवायला. बरगड्या, मोठे तुकडे. हात उजवीकडून चालला होता. त्याने बाजूचा विचारही केला नव्हता.

मग तो एकदम थांबला.

"मावशी, परत बोल."

"काय बोलू?"

"तेच. काहीही. बोल फक्त."

मावशी पुन्हा बोलायला लागली. त्याने मान वर केली नाही. मान वर करता येतच नव्हती. सुरी चालू असताना नजर सुरीवरून हटली की बोट गेलं. आणि गाळ्यात तर मधे जाळी, जाळीच्या पलीकडून डोळ्यावर येणारा उजेड. परीक्षेच्या दिवशी आत उभं राहिल्यावर त्याला बाहेरची माणसं म्हणजे नुसत्या काळ्या सावल्या दिसल्या होत्या. तेव्हा भीतीने ते ध्यानात आलं नव्हतं.

म्हणजे तिला चौतीस वर्षं एकाही गिऱ्हाइकाचं तोंड धड दिसलं नव्हतं. तरी प्रत्येकाला हवं ते मिळत होतं. लोक म्हणायचे, बाईच्या हातात जादू आहे, सांगावंच लागत नाही. त्यालाही तसंच वाटायचं. बाहेर कोण आलंय, कुणाला दात नाहीत, कुणाला दिवस गेलेत, कुणाच्या घरी पाहुणे आहेत, हे तिला जादूने कळत नव्हतं. तो बोलत होता म्हणून कळत होतं. सगळं ऐकून झालं, तुकडे कापून झाले, की मगच ती म्हणायची, अहो, बोलणं पुरे, वजन बघा. त्याला वाटायचं ती वैतागली. वैतागली नव्हती. तिचं काम झालेलं असायचं.

तो सुरी ठेवून ओट्याला टेकून उभा राहिला. खांदे हलायला लागले. तिला जाऊन अडीच महिने झाले होते आणि तो आज पहिल्यांदा रडत होता, निळ्या रंगाचे हात अंगापासून लांब धरून, कारण त्या हातांनी डोळे पुसता येत नव्हते. मावशीने पदराने त्याचं तोंड पुसलं. डॉक्टरीणबाई खिडकीकडे तोंड करून शिक्का घासत बसल्या. तो आधीच स्वच्छ होता.

दुसऱ्या परीक्षेला मुलगी आली. आठ दिवसांची रजा टाकून आली होती. म्हणाली, "नापास झालात तर सामान बांधायलाच आलेय असं समजा." पण सकाळी त्याचा अंगरखा तिनेच इस्त्री करून ठेवला.

आत जाण्याआधी तो डॉक्टरीणबाईंना म्हणाला, "एक विनंती आहे. मावशीला बाहेर उभं राहून बोलू द्या."

"नियमात बोलायला बंदी नाही," बाई म्हणाल्या.

मावशी बोलली. तिने त्या दिवशी असली-नसली सगळी गिऱ्हाइकं उभी केली. तिळ्यांची आई काय, मिशीत हसणारा हवालदार काय. बाजार हसून हसून लोळला. आत जावई मान खाली घालून कापत होता. हात तिच्याइतका जलद नव्हता, एक सांधा चुकला, एक हाड तिरकं तुटलं. पण शेवटी आकड्यावर एकच तुकडा उरला आणि त्यावर जांभळा गोल शाबूत होता. ठोकळा, सुरी, फरशी धुऊन झाल्यावर बाईंनी बोट फिरवून बघितलं आणि वहीत लिहिलं. काय लिहिलं ते त्यांनी मोठ्याने वाचलं नाही. वहीच त्याच्यापुढे फिरवली.

"परवाना परवा मिळेल," त्या म्हणाल्या. "बाहेर कोण उभं राहणार? परवान्यावर तेही नाव लागतं."

मावशीला स्वतःचा गाळा होता. त्याने कुणाकडेच बघितलं नाही.

"रजा संपेपर्यंत माझं लिहा," मुलगी म्हणाली. "तोवर बाबा माणूस बघतील."

परवाना हातात आला त्या सकाळी सात नंबर उघडला. बाहेर काट्याशी मुलगी, आत तो. माणसं जमली. वर्षानुवर्षांची माणसं, बंद गाळ्यावरून इतके दिवस मान खाली घालून गेलेली. मुलगी गप्प उभी होती. पैसे कुठे ठेवायचे, काटा कसा बघायचा, सगळं नीट समजून घेतलं होतं तिने, पण तोंडातून शब्द नाही.

आत सुरी थांबली होती.

"अगं, बोल की," जाळीमागून तो म्हणाला.

"काय बोलू?"

"कोण आलंय ते सांग. मला आतून काही दिसत नाही."

तिने समोर बघितलं. "एक गृहस्थ आहेत. पांढरा सदरा. म्हातारे आहेत."

"सदरा काय शिजवायचाय? दात आहेत का विचार."

मुलगी लाजली. मग पुढे वाकून त्या म्हाताऱ्याला हळूच म्हणाली, "आजोबा, बाबा विचारतात, तुम्हाला दात आहेत का?"

म्हातारा खो खो हसला. मागची माणसंही हसली, आणि मुलगीही, इतक्या महिन्यांनी. "वरचे दोन आहेत बघ," म्हातारा म्हणाला, "पण एकमेकांशी बोलत नाहीत."

आत जावयाने खांद्याकडचा मऊ भाग घेतला आणि बारीक तुकडे करायला सुरुवात केली.

"पुढे बोल," तो म्हणाला. "त्यांच्या मागे कोण आहे?"